गुरुवारपर्यंत आवाज संपतो. शिकवणाऱ्यांनो, गाणाऱ्यांनो, तुम्ही काय करता?

तासगावची_बाई | २ जुलै, रात्री ९.४०

नमस्कार मंडळी. बरीच वर्षं वाचनमात्र आहे, आज लिहायला बसले कारण बोलता येत नाहीये.

तासगाव तालुक्यात प्राथमिक शाळेवर आहे. तिसरी-चौथी एकत्र, ५२ पोरं, वर पत्रा. परवापासनं पावसानं धरलंय आणि सर आली की मागच्या रांगेतल्या पोरांना माझे ओठ हललेले तेवढे दिसतात. सोमवारी आवाज ठीक असतो, मंगळवारी जरा जड, बुधवारी कविता म्हणून घेताना वरची ओळ लागत नाही, नुसती हवा येते, गुरुवारी दुपारनंतर घोगरा आणि शुक्रवारी मी फळ्यावर लिहूनच दाखवते. हे चौथं वर्ष. आधी रविवारी झोपून उठलं की आवाज भरून यायचा, आता रविवारनंही येत नाही.

ज्येष्ठमध झालं, खडीसाखर-मिरी झालं, मिठाच्या गुळण्या झाल्या, सासूबाईंनी हळद-दूध दिलं, शाळेतल्या मॅडमनी लवंग भाजून दिली. तेवढ्यापुरतं बरं वाटतं. आज संध्याकाळी मुलगी म्हणाली, आई तू माझ्यावर रागावलीयेस का? मी रागावले नव्हते हो, आवाजच तसा निघत होता. ते ऐकून रडूच आलं.

तर विचारायचं हे की आत नेमकं काय बिघडतं? आणि ज्यांचं पोट आवाजावर आहे ते सगळे काय करता?

कंदीपेढा | २ जुलै, रात्री ९.५८

बाई, आधी दोन दिवस रजा टाका. आवाज नाही म्हणून रजा हे कारण अर्जात कसं लिहायचं ते मात्र इथल्या मास्तर लोकांनी सांगावं.

कराडचे_मास्तर | २ जुलै, रात्री १०.३०

मी ३४ वर्षं हायस्कूलला मराठी शिकवलं, एका वर्गात ७० मुलं. माईक नव्हता, पंखासुद्धा नव्हता. आवाज कधी बसला नाही. कारण आमच्या गुरुजींनी सांगितलेलं एकच वाक्य: बेंबीच्या देठापासून बोला. हल्लीची पिढी गळ्यातनं बोलते. अहो आपली सांगली म्हणजे नाट्यपंढरी, १८४३ साली विष्णुदास भाव्यांनी इथं सीतास्वयंवर केलं तेव्हा कुठं होता लाउडस्पीकर? नटाचा आवाज शेवटच्या माणसापर्यंत जायचाच. सवय लागते. आवाज तापवावा लागतो, लोखंडासारखा.

एसटीतला_शिट्टीवाला | २ जुलै, रात्री १०.४४

मास्तरांना मान देऊन असहमत. सातारा डेपोला वाहक होतो. स्वारगेट-सातारा-कराड, इंजिनाचा आवाज, खिडक्यांचा खडखडाट आणि त्यात "तिकीट बोलाऽऽ". सवय नाही लागली, आवाज गेला. आता मी बोललो की लोक फोनवर विचारतात सर्दी झालीय का. अकरा वर्षं झाली सर्दीला.

मिरजेची_तार | ३ जुलै, सकाळी ७.१५

मास्तर, तो काळ वेगळा आणि प्रेक्षकही गप्प बसणारा. ५२ पोरं आणि पत्र्यावरचा पाऊस ही गंमत नाही.

सौदेवाला_सांगली | ३ जुलै, दुपारी १.२०

बाई, मी मार्केट यार्डात हळदीच्या सौद्यात पुकारा करतोय, लई वर्षं झाली. सीझनला सकाळपासनं एका अडतीतनं दुसऱ्या अडतीत, पोत्यांच्या थप्प्या, हवेत हळदीची धूळ अशी की संध्याकाळी रुमाल पिवळा. पहिली दोन वर्षं माझाबी आवाज जायचा. मग एका म्हाताऱ्या हमालानं शिकवलं, ते सांगतो. "पोरा तू वरडतोस. वरडू नको. लांबव." म्हंजे कसं, आकडा तोडून फेकायचा न्हाई, शेवटचं अक्षर सुरात ओढायचं. बाराऽऽ हजाऽऽर. जोर लावायचा न्हाई, तोंड उघडायचं. तवापासनं जमतंय. अन् धुळीत तोंडावर उपरणं बांधायचं, दोन पुकाऱ्याच्या मधी पाण्याचा घोट. तंबाखूचा बार मी त्याच वर्षी सोडला, ते मात्र बायकोनं सोडवला.

वाणीसखी | ३ जुलै, रात्री ११.०५

धागा दुपारीच वाचला होता, पेशंट संपवून आत्ता बसले. मी मिरजेत स्पीच थेरपिस्ट आहे. सविस्तर लिहिते, कारण बाईंनी "आत काय बिघडतं" असं विचारलंय आणि हा प्रश्न फार कमी लोक विचारतात, सगळ्यांना गोळी हवी असते.

गळ्याच्या पुढच्या बाजूला बोट ठेवून आवंढा गिळा. जे कडक हाडासारखं वरखाली होतं ती कूर्चा. तिच्या आत दोन स्वरतंतू असतात. तंतू म्हणतात खरं, पण ती तार नव्हे, मऊ पट्टी आहे. चिमट्यासारख्या पुढं जोडलेल्या, मागं उघडणाऱ्या दोन पट्ट्या. बाईच्या साधारण सव्वा ते पावणेदोन सेंटिमीटर, पुरुषाच्या पावणेदोन ते अडीच. आपल्या अंगठ्याच्या नखाएवढी वस्तू. श्वास घेताना त्या बाजूला होतात. बोलायचं मनात आलं की जवळ येतात, खालून फुप्फुसातली हवा दाबते, त्या उघडतात, लवचिकपणानं आणि वाहत्या हवेच्या ओढीनं परत मिटतात, पुन्हा उघडतात. पुरुषाच्या बोलण्यात हे सेकंदाला साधारण १०० ते १३० वेळा होतं, बाईच्या २०० ते २२०. म्हणजे प्रत्येक वेळी मेंदू "उघड, मीट" असा हुकूम देत नाही, तेवढा वेग स्नायूला झेपणारच नाही. हवाच त्यांना हलवते. लहान पोरं ओठ मिटून "ब्र्र्र्र" करत गाडी चालवतात ना, तस्संच.

आता हिशोब करा. बाई दिवसभरात सगळं मिळून दोन तास खरंच आवाज काढत असतील असं धरू. ७२०० सेकंद गुणिले २२०. १५ लाख ८४ हजार. एवढ्या वेळा त्या दोन मऊ पट्ट्या एकमेकींवर आपटल्या, एका दिवसात. आणि मोठ्यानं बोललं की जोरात आपटतात.

पट्टीची रचनाही सांगते कारण सगळं दुखणं तिथं आहे. आत स्नायू, त्याच्यावर जेलीसारखा थर, वर पातळ त्वचा. जपानच्या मिनोरू हिरानो यांनी १९७४ मध्ये हे नीट मांडलं: आतलं अंग वेगळं आणि वरचं पांघरूण वेगळं, आणि आवाज निघताना ते पांघरूण अंगावर लाटेसारखं सरकतं. पातेल्यातल्या दुधावर साय धरलीय आणि पातेलं हलवलं तर साय कशी लाट खाते, तसं. आवाज गोड लागतो तो त्या सायीमुळं. सूज आली की साय जड होते आणि लाट अडते, वरचा सूर आधी जातो. बाई, तुमची बुधवारची कविता तीच. पट्ट्यांच्या मधल्या ठिकाणी मार जास्त बसतो म्हणून तिथं, समोरासमोर, दोन बारीक गाठी धरतात. हाताला घट्टे पडतात ना खुरप्यानं, तसे घट्टे. मग पट्ट्या पूर्ण मिटत नाहीत, फटीतनं हवा गळते.

हे मी तुमचं निदान म्हणून सांगत नाहीये, न बघता कुणीच सांगू नये. पण चार वर्षं झालीत. आवाज सलग तीन आठवडे बसलेला राहिला तर कान-नाक-घसा डॉक्टरांकडून दुर्बिणीनं स्वरयंत्र बघून घ्यायचं, हा नियम सगळ्यांनी घरात सांगून ठेवा. तंबाखू-विडी असेल तर तेवढीही वाट बघू नका.

मास्तर, बेंबीच्या देठापासून हे अर्धं बरोबर आहे. श्वासाचा आधार पाहिजेच. पण लोखंडासारखा तापवायचा म्हणाल तर नाही हो, ती साय आहे.

कृष्णाकाठ | ३ जुलै, रात्री ११.३१

वाचनखूण साठवली. दुधावरच्या सायीला दंडवत.

दोन_पोरांची_आई | ४ जुलै, सकाळी १०.०२

वाणीसखी ताई, मग गुळण्या आणि ज्येष्ठमधाचं काय? आमच्याकडं पिढ्यान्‌पिढ्या चालतं.

वाणीसखी | ४ जुलै, दुपारी २.१५

आईबाई, चालू द्या, घशाला बरं वाटतं ते खरंच आहे. पण एक लक्षात घ्या, तोंडानं घेतलेली कुठलीही वस्तू स्वरतंतूंना लागत नाही. गिळताना वरचं झाकण मिटतं आणि घास मागच्या अन्ननलिकेत जातो. चुकून एक थेंब तिकडं गेला की काय होतं? ठसका. डोळ्यांत पाणी येईस्तोवर ठसका. म्हणजे मध स्वरतंतूला लागला असता तर तुम्ही खोकून बेजार झाला असता. गुळणीचं पाणी तर घशाच्या तोंडाशीच खुळखुळतं. पाणी प्यायल्याचा फायदा होतो तो रक्तावाटे, सावकाश. म्हणून वर्गात जायच्या आधी तांब्याभर पिऊन उपयोग नाही, दिवसभर घोट घोट. थेट तिथवर पोचते ती फक्त वाफ, ती साध्या पाण्याची घ्या, त्यात झोंबणारं काही घालायची गरज नाही.

दोन सवयी मात्र आजच सोडा. एक, घसा खाकरणं. खाकरताना पट्ट्या करकचून एकमेकींवर घासतात, त्यानं चिकट स्राव वाढतो आणि परत खाकरावंसं वाटतं. त्याऐवजी आवंढा गिळा किंवा घोटभर पाणी. दुसरी, आवाज बसला की कुजबुजणं. लोकांना वाटतं आराम मिळतो. बऱ्याच जणांचा गळा कुजबुजताना उलट जास्त आवळला जातो. हळू बोला, पण आवाजात बोला, नाहीतर गप्प बसा.

कंदीपेढा | ४ जुलै, दुपारी २.४०

गप्प बसा हा सल्ला मी आमच्या सोसायटीच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर पण टाकतो.

वाईचा_भजनी | ४ जुलै, रात्री ८.५०

आमच्या भजनी मंडळात एक समज आहे की आवाज "फोडावा" लागतो. म्हणजे पहाटे नदीवर जाऊन फाटेपर्यंत ओरडायचं, आवाज एकदा फाटला की नंतर जो येतो तो पहाडी येतो. माझे चुलते सांगायचे, मी स्वतः दोन वर्षं केलंय, कृष्णेच्या घाटावर. पहाडी झाला का? जाड झाला. पण आता मऊ अभंग म्हणताना सुरुवातीला आवाज उमटतच नाही, आधी फुस्स आणि मग स्वर. हे त्याचमुळं का?

मिरजेची_तार | ४ जुलै, रात्री ९.२०

भजनीबुवा, तुम्ही मिरजेला एकदा या. अब्दुल करीम खाँसाहेब इथं राहिले, १९३७ मध्ये गेले, इथंच दर्ग्यात त्यांची कबर आहे आणि त्यांच्या स्मरणार्थ दरवर्षी दर्ग्यात गाणं होतं. त्यांची जुनी ध्वनिमुद्रणं ऐका. कुठंही जोर नाही, ओरडणं नाही, धाग्यासारखा बारीक स्वर आणि तरी मनाच्या तळाला जातो. फाटलेल्या आवाजातनं ते निघणार नाही.

आणि आमच्या धंद्यातली एक गोष्ट सांगते. आमच्या घरात तंबोरे होतात. (मिरजेत हे काम मूळचं शिकलगारांचं, शस्त्रांना धार लावणाऱ्यांचं, १९व्या शतकात त्यांनी सतार-तंबोरा हातात घेतला.) लहानपणी मी आजोबांना विचारलं होतं, एवढीशी तार, एवढा मोठा आवाज कसा? त्यांनी तार सुट्टी खिळ्याला ताणून छेडून दाखवली. काहीच ऐकू येईना, डास गुणगुणावा तसं. मग तीच तार भोपळ्यावर. खोली भरली. वाणीसखींचं वाचताना तेच आठवलं, स्वरतंतू म्हणजे तार, पण भोपळा वर आहे ना, घसा, तोंड, नाक?

आणि जवारी, म्हणजे तंबोऱ्याची ती घुमणारी झणकार. घोडीची (तारा टेकतात त्या पट्टीची) पाठ किंचित गोल घासतात आणि तारेखाली दोरा सरकवतात, केसभर इकडं-तिकडं झालं तर तंबोरा बोलतो किंवा मुका होतो. आजोबा घोडी घासताना श्वास धरून बसायचे. कितीही ताकदवान माणूस असो, जवारी जोरानं लागत नाही.

वाणीसखी | ४ जुलै, रात्री ११.४०

तार ताई, तुमच्या आजोबांनी एका मिनिटात जे दाखवलं ते मला शिकायला एक सेमिस्टर लागलं. अगदी बरोबर. स्वरतंतूंपाशी निघतो तो नुसता भुणभुणाट. "आ" आणि "ई" मधला फरक स्वरतंतू करत नाहीत, जीभ आणि जबडा करतात, भोपळ्याचा आकार बदलून. सौदेवाले दादांना हमालानं जे शिकवलं तेही हेच. जोर कमी, तोंड उघडं. घशाचा आकार जमला की साधारण ३००० हर्ट्‌झच्या आसपास आवाजाला धार येते, आणि माणसाचा कानही त्याच टापूत सगळ्यात तिखट असतो. स्वीडनच्या योहान सुंडबर्ग यांनी ऑपेरा गाणाऱ्यांवर हे मोजून दाखवलं. वाद्यवृंदापुढं बिनमाईकचा गायक ऐकू येतो तो ह्या धारेनं. आपल्याकडचा भांडीवाला आणि दहीवाली पण तेच करतात, गल्लीच्या टोकाला ऐकू येतं पण ते ओरडत नसतात.

भजनीबुवा, "आधी फुस्स मग स्वर" ही खूण चांगली नाही. दाखवून घ्या. आवाज फाटणं म्हणजे सूज किंवा आत रक्त साकळणं. कधी तिथंच एका बाजूला फोडासारखा पॉलिप धरतो.

कराडचे_मास्तर | ५ जुलै, सकाळी ६.४५

रात्री सगळं वाचलं, दोनदा. लोखंडाची उपमा मी मागं घेतो. आणि एक खरं सांगतो. मला झालं नाही म्हणजे कुणालाच होत नाही असं मी धरून चाललो होतो. माझ्या शेजारच्या वर्गावरच्या बाईंचा आवाज जायचा आणि आम्ही स्टाफरूममध्ये म्हणायचो की यांना वर्ग आवरत नाही. वीस वर्षं म्हणायचो. त्या आता या जगात नाहीत. आज त्यांची माफी मागावीशी वाटते.

तासगावची_बाई | ५ जुलै, सकाळी ७.०५

मास्तर, तुमचा निरोप वाचून शाळेला निघालेय. त्यांच्यातर्फे मीच ऐकलं असं समजा.

एसटीतला_शिट्टीवाला | ५ जुलै, रात्री ९.१०

मास्तर 🙏

जाता जाता, गोंगाटात आपण आपोआप जोरात बोलतो त्याला काही नाव आहे म्हणे. गाडी बंद झाली तरी मी पुढची पाच मिनिटं ओरडूनच बोलायचो, बायको म्हणायची डेपो घरी आणू नका.

वाणीसखी | ५ जुलै, रात्री १०.३०

आहे. लोंबार्ड परिणाम. एत्येन लोंबार्ड नावाच्या फ्रेंच कानाच्या डॉक्टरांनी १९११ मध्ये सांगितला. कानावर गोंगाट पडला की माणूस न ठरवता आवाज चढवतो. ठरवूनसुद्धा थांबवणं अवघड जातं. म्हणून पत्र्याखाली "हळू बोला" हा सल्ला बाईंना देऊन भागत नाही, गोंगाट कमी करा नाहीतर माईक लावा.

पाटणचा_वारा | ६ जुलै, दुपारी १२.२५

मी शिक्षक नाही. छोटा हेडसेट माईक आणि कमरेला स्पीकर असले शिक्षक ऑनलाईन बघितलेत, दीड-दोन हजारात येतो. आपल्याकडं कुणी वापरत नाही कारण लाज वाटते, की काय हो एवढ्याशा वर्गाला माईक. चष्मा लावायची लाज वाटते का? ते पण यंत्रच की.

दोन_पोरांची_आई | ६ जुलै, संध्याकाळी ५.४०

थोडं अवांतर. माझा थोरला सतरा पूर्ण झाला, मिसरूड आलं, उंची वडिलांच्या वर गेली पण आवाज अजून मुलीसारखा. कॉलेजात चिडवतात म्हणून हल्ली बोलायचंच सोडलंय त्यानं. फोन आला की माझ्या हातात देतो. होईल आपोआप म्हणून किती थांबायचं?

वाणीसखी | ६ जुलै, रात्री १०.५०

अवांतर नाही. वयात येताना मुलांचं स्वरयंत्र झपाट्यानं वाढतं, आवाज जवळजवळ एक सप्तक खाली येतो. मुलींचाही उतरतो पण थोडा, दोन-तीन सूर, म्हणून कळत नाही. काही मुलांचं स्वरयंत्र पूर्ण वाढतं पण ते जुनाच उंच सूर धरून बसतात. बाकी वाढ झालीय म्हणताय म्हणजे तसं असण्याची शक्यता जास्त, तरी आधी डॉक्टरांनी एकदा बघावं. मग आमचं काम. यात बहुतेक पोरांचा आवाज थोड्याच बैठकांत खाली येतो. गेल्या वर्षी एक मुलगा आला होता, खोकायला लावलं, त्या खोकल्याच्या शेवटी जो जाड आवाज निघाला तोच "आ" म्हणून लांबवायला लावला. स्वतःचाच आवाज ऐकून तो दचकला आणि मागं वळून बघितलं त्यानं, कोण बोललं म्हणून. थांबू नका, घेऊन या त्याला.

रानवारा | ९ जुलै, रात्री १२.१५

लिहू की नको असं चार दिवस चाललं होतं. पण तीन आठवड्यांचा नियम इथं कुणीतरी एक ओळीत वाचून पुढं जाईल म्हणून लिहितेय.

माझ्या बाबांचा आवाज दिवाळीत बसला. विडी होती, दिवसाला एक बंडल. ऊसतोडीचे दिवस, फड पेटवलेले, धूर, सगळ्यांना वाटलं त्यानंच. जवळच्या दवाखान्यात खोकल्याचं औषध दिलं, ते संपलं की दुसरं. घशात आरसा घालून कुणी बघितलं नाही आणि आम्हीही म्हटलं नाही की बघा. दुखत नव्हतं ना काही. संक्रांत गेली, शिवरात्र गेली. गुढीपाडव्याला जिना चढताना श्वासाचा आवाज यायला लागला तेव्हा मोठ्या दवाखान्यात नेलं. स्वरतंतूवरचा कॅन्सर. तिथले डॉक्टर म्हणाले, हा आजार दयाळू आहे, पहिल्याच महिन्यात आवाज बसवून सांगतो की मी आलोय. त्या वेळी आणलं असतं तर बहुतेक नुसत्या शेकावर, म्हणजे रेडिएशनवर, भागलं असतं, आवाजही राहिला असता.

स्वरयंत्र काढावं लागलं. आता मानेला भोक आहे, श्वास तिथनं. बाबा आहेत, बरे आहेत, शेतात जातात. बोलायचं शिकवायचा प्रयत्न झाला पण त्यांचं मन लागेना. नातवाला हाक मारायची असली की स्टीलच्या वाटीवर चमच्यानं दोनदा वाजवतात. एकदा वाजवलं तर मी, दोनदा तर तो. पोरगं जिथं असेल तिथनं पळत येतं.

तीन आठवडे. एवढंच लिहायचं होतं.

सौदेवाला_सांगली | ९ जुलै, सकाळी ६.१०

ताई, यार्डात आमच्या पन्नासेक हमालांचा ग्रुप हाय. तुमचं हे तिथं टाकू का? नाव न घालता. विडीवाले लई हायत.

रानवारा | ९ जुलै, सकाळी ६.३२

टाका दादा. जरूर टाका.

मिरजेची_तार | ९ जुलै, दुपारी ३.००

आरशावरनं आठवलं. जिवंत माणसाचे स्वरतंतू बोलताना-गाताना कसे हलतात हे नीट बघून लिहून ठेवणारा पहिला माणूस डॉक्टर नव्हता, गाणं शिकवणारा होता. मानुएल गार्सिया, स्पॅनिश गायक-शिक्षक. १८५४ मध्ये दातांच्या डॉक्टरचा लांब दांड्याचा बारीक आरसा त्यानं स्वतःच्या घशात घातला, दुसऱ्या आरशानं सूर्याचा कवडसा त्यावर पाडला आणि स्वतःचेच स्वरतंतू उघडमीट होताना बघितले. एवढं जुनं तंत्र आहे. १०१ वर्षं जगला तो.

वाणीसखी | ९ जुलै, रात्री ११.१५

रानवारा, तुमच्या बाबांना नमस्कार. बोलण्याचे मार्ग अजून बंद नाहीत, मन झालं तर कळवा, मी स्वतः घरी येईन.

सगळ्यांसाठी आणखी एक. डावीकडच्या स्वरतंतूची नस मेंदूकडनं निघून आधी छातीत उतरते, हृदयाच्या मोठ्या धमनीला खालून वळसा घालते आणि परत गळ्यात चढते. त्यामुळं कधीकधी दुखणं छातीत असतं आणि आवाज गळ्यातला बसतो. म्हणून "घसाच आहे, होईल बरा" असं घरच्या घरी ठरवू नये. दम्याचा स्टेरॉइडचा पंप घेणाऱ्यांनी प्रत्येक वेळी चूळ भरून थुंकावी, त्या औषधानंही आवाज घोगरा होतो. आणि रात्री साडेअकराला मिसळ खाऊन आडवं होणाऱ्यांनो, पोटातलं आम्ल वर येऊन घशाशी पोचतं.

कंदीपेढा | १० जुलै, सकाळी ९.०५

शेवटचं वाक्य कोल्हापूरकरांसाठी आहे असं गृहीत धरतो.

कृष्णाकाठ | १० जुलै, सकाळी ९.२०

मिसळीवर वेगळा धागा काढा, इथं बाईंचं काय झालं ते कळू दे.

तासगावची_बाई | २१ सप्टेंबर, संध्याकाळी ७.३०

मंडळी, धागा वर काढतेय. कृष्णाकाठ, हे घ्या उत्तर.

रानवाराताईंचं वाचलं त्याच आठवड्यात मिरजेला गेले. नाकातनं बारीक दुर्बीण घातली, पडद्यावर दाखवलं. लुकलुकणारा दिवा असतो त्यात, ट्यूबलाइटखाली पंखा उलटा फिरल्यासारखा वाटतो ना त्या युक्तीनं ती हालचाल सावकाश दिसते. मोत्यासारख्या पांढऱ्या दोन पट्ट्या आणि मधोमध, समोरासमोर, मोहरीएवढे दोन उंचवटे. वाळूच्या घड्याळासारखी फट. डॉक्टर म्हणाले मऊ आहेत, ऑपरेशन नको, थेरपी करा. चार वर्षं ज्याला मी माझा नाकर्तेपणा समजत होते ते मोहरीएवढं होतं.

थेरपीच्या आठ बैठका झाल्या. सगळ्यात उपयोगी पडली ती नळी. ग्लासात अर्धं पाणी, शीतपेयाची नळी दोन बोटं बुडवायची आणि तिच्यातनं "ऊऊ" म्हणत बुडबुडे काढायचे, खालून वर, वरून खाली, दोन-तीन मिनिटं, दिवसातनं पाच-सहा वेळा. नळीतनं हवा मागं रेटते आणि पट्ट्यांना जोरात आपटू देत नाही, असं थेरपिस्टताईंनी समजावलं. इंगो टिट्झे म्हणून अमेरिकन आवाजशास्त्रज्ञ आहेत त्यांनी यावर खूप काम केलंय म्हणे. पहिल्या दिवशी मधल्या सुट्टीत करत होते तर चौथीची पाच पोरं दारात उभी. आता परिपाठानंतर अख्खा वर्ग घरनं आणलेल्या नळ्यांनी बुडबुडे काढतो. पाणी सांडतं, पण मज्जा येते.

माईक घेतला, स्वतःच्या पैशानं. पहिला आठवडा लाज वाटली, नंतर नाही. मागची रांग मोडून पोरं अर्धगोलात बसवली. सर आली की मी शिकवत नाही, त्या वेळात वाचन आणि शुद्धलेखन. गप्प बसवायला ओरडत नाही, टाळीचा ठेका धरते, दोन लांब तीन आखूड, पोरं तोच ठेका उलट वाजवतात आणि शांत होतात. खाकरणं सोडायला मात्र सगळ्यात जास्त दिवस लागले.

परवा पुन्हा दुर्बीण झाली. उजवीकडचा उंचवटा जवळजवळ गेलाय, डावीकडचा अर्धा. आज शुक्रवार नाही, आज रविवार आहे, पण परवाच्या शुक्रवारी कवितेची वरची ओळ लागली. लागली म्हणजे लागली. मागनं एक पोरगं म्हणालं, "बाई, आज तुमी गाताय."

दोन_पोरांची_आई | २१ सप्टेंबर, रात्री ८.१०

किती छान वाटलं वाचून! आमचाही सांगते. सहा बैठका. काल फोन त्यानं उचलला, माझ्या भावाला वाटलं त्याचे वडीलच बोलतायत, त्यांनी पाच मिनिटं कर्जाचं बोलून घेतलं.

वाईचा_भजनी | २१ सप्टेंबर, रात्री ९.००

मीही दाखवलं. डाव्या बाजूला पॉलिप निघाला. पुढच्या महिन्यात काढायचाय, नंतर काही दिवस पूर्ण मौन आणि मग थेरपी. मंडळातल्या पोरांना घाटावर ओरडायला पाठवणं बंद केलंय, चुलते नाराज आहेत.

रानवारा | २१ सप्टेंबर, रात्री ९.४५

बाई, तुमची पोस्ट बाबांना वाचून दाखवली. ते "बाई, आज तुमी गाताय" परत वाच अशी खूण केली. वाणीसखी ताई, पुढच्या रविवारी घरी असाल का? बाबा येतो म्हणतायत.

वाणीसखी | २१ सप्टेंबर, रात्री ९.५०

असेन. त्यांनी वाटी आणि चमचा घेऊन यावं, सुरुवात त्यावरच करू.

कराडचे_मास्तर | २१ सप्टेंबर, रात्री १०.१५

बाई, आमच्या जुन्या शाळेला दोन माईक द्यायचे ठरवलेत, त्या शेजारच्या वर्गाच्या बाईंच्या नावानं. तुमचा कुठला आहे? आणि चार्जिंग किती टिकतं?

तासगावची_बाई | २१ सप्टेंबर, रात्री १०.२८

मास्तर, मॉडेल व्यक्तिगत निरोपातनं कळवते. मधल्या सुट्टीपर्यंत टिकतं, मग हेडसरांच्या खोलीत अर्धा तास लावायचा. लाईट गेली तर पंचाईत, म्हणून पॉवरबँकही द्या सोबत.